निवडक ताऱ्यांचा सामना

ज्या सामन्याच्या जयापजयावर कोणतीहि ढाल वा अजिंक्यपद अवलंबून नाहीं, तो पाहावयास चाळीसपन्नास हजार लोक तिकिटें काढून जमतात, आणि लक्षावधि लोक तो घरीं बसून पाहतात, ही गोष्ट प्रथमदर्शनीं चमत्कारिक वाटेल. पण अमेरिकेंत जुलै महिन्याच्या मध्यास असा एक सामना होत असतो. तेथील धंदेवाईक बेसबॉलच्या सर्व संघांतून वेंचून काढलेल्या खेळाडूंचा हा सामना. त्याला तेथें ‘ऑल-स्टार गेम’ असें नांव आहे. आपण त्याला ताऱ्यांचा सामना म्हणूं. तो कसा चालतो, त्यांतील खेळाडू कोण निवडतो, आणि ही निवड करतांना त्या देशाला कोणते धडे मिळाले, एवढें आज सांगावयाचें योजिलें आहे. विषय खेळाचा असला, तरी निवडीचा अधिकार कोणाचा हा प्रश्न खेळापुरताच नाहीं, हें आपल्या ध्यानांत येईलच.

बेसबॉलची ज्यांना ओळख नाहीं त्यांच्यासाठीं प्रथम चार शब्द सांगितले पाहिजेत. क्रिकेटमध्यें खेळपट्टीच्या दोन टोकांस यष्ट्या असतात. बेसबॉलमध्यें एका चौकोनाच्या चार कोपऱ्यांवर चार ठाणीं असतात, त्यांना ‘बेस’ म्हणतात. चेंडू फेंकणारा तो पिचर. त्याचा चेंडू टोलवून फलंदाजानें एकामागून एक तीन ठाणीं गांठावयाचीं आणि पुन्हा मूळ ठाण्यावर परत यावयाचें, म्हणजे एक धाव झाली. चेंडू हद्दीच्या आंत राहून कुंपणापलीकडे गेला, तर तो ‘होम रन’. मग फलंदाज निवांतपणें फेरी पुरी करतो. तीन गडी बाद झाले कीं पाळी संपली. प्रत्येक पक्षाच्या अशा नऊ पाळ्या होतात. नऊ पाळ्यांनंतर धावा समसमान झाल्या, तर निकाल लागेपर्यंत एकेक पाळी वाढवीत जातात. सामना अनिर्णित राहणें हें या खेळाच्या स्वभावांत बसत नाहीं. ही गोष्ट आपण लक्षांत ठेवावी. पुढें तिचा उपयोग होणार आहे.

या धंदेवाईक संघांचे दोन गट आहेत. पहिला ‘नॅशनल लीग’. तो १८७६ सालीं स्थापन झाला. दुसरा ‘अमेरिकन लीग’. तो १९०१ सालीं पहिल्याच्या तोडीस उभा राहिला. आज प्रत्येक गटांत १५ असे एकूण ३० संघ असून प्रत्येक संघ एका हंगामांत १६२ सामने खेळतो. हंगामाच्या शेवटीं दोन गटांचे विजेते ‘वर्ल्ड सीरीज’ नांवाच्या मालिकेंत एकमेकांशीं झुंजतात. ही प्रथा १९०३ सालीं सुरू झाली. परंतु १९९७ साल उजाडेपर्यंत नियमित हंगामांत एका गटाचा संघ दुसऱ्या गटाच्या संघाशीं कधींच खेळत नसे. त्यामुळें एका गटाचा नामांकित पिचर आणि दुसऱ्या गटाचा नामांकित फलंदाज समोरासमोर आले तर काय होईल, हा प्रश्न रसिकांच्या घरीं व उपाहारगृहांत केवळ वादाचाच विषय होऊन राहिला होता. ताऱ्यांच्या सामन्यानें त्या वादाला वर्षांतून एक दिवस मैदान मिळवून दिलें.

हा दिवस प्रथम उगवला तो ६ जुलै १९३३ रोजीं. अमेरिकेंत तेव्हां महामंदीचें सावट होतें, कोट्यवधि माणसें बेकार होतीं, आणि त्याच सुमारास शिकागो शहरांत एक मोठें जागतिक प्रदर्शन भरलें होतें. ‘शिकागो ट्रिब्यून’ या वृत्तपत्राचे क्रीडासंपादक आर्च वॉर्ड यांनीं अशी कल्पना काढली कीं, प्रदर्शनाला शोभेल असा एक सामना भरवावा व त्यांत दोन्ही गटांचे उत्तमोत्तम खेळाडू एकत्र आणावेत. सामना एकदांच व्हावयाचा होता. उत्पन्न विपन्नावस्थेंतील जुन्या खेळाडूंच्या साहाय्यार्थ द्यावयाचें ठरलें. अनेक गांवच्या वृत्तपत्रांतून मतपत्रिका छापल्या गेल्या आणि वाचकांनीं त्या भरून पाठविल्या. शिकागोच्या कॉमिस्की पार्क मैदानावर चाळीस हजारांहून अधिक प्रेक्षक जमले. बेब रूथ हा त्या काळचा सर्वांत लोकप्रिय फलंदाज. त्याचें वय तेव्हां ३८ होतें व त्याची उमेद ओसरत चालली होती; तरीहि तिसऱ्या पाळींत या सामन्यांतला पहिला होम रन त्यानेंच मारला. अमेरिकन लीगनें ४ विरुद्ध २ धावांनीं जय मिळविला. लोकांना हा प्रकार इतका आवडला कीं, एकदांच व्हावयाचा सामना वार्षिक होऊन बसला.

पुढच्याच वर्षीं न्यूयॉर्क येथें जें घडलें तें तेथील जुने रसिक अजून सांगतात. कार्ल हबेल या पिचरनें रूथ, गेरिग, फॉक्स, सिमन्स व क्रोनिन या पांच बिनीच्या फलंदाजांना एकामागून एक बाद केलें, आणि तेंहि त्यांच्या टोल्यावर झेल घेऊन नव्हे, तर त्यांना चेंडू टोलवूंच न देतां! गंमत अशी कीं, सामना अखेर हबेलच्या पक्षानें गमावला. पण ९ विरुद्ध ७ हा निकाल फारच थोड्यांच्या स्मरणांत राहिला, आणि पांच फलंदाजांची ती रांग मात्र सर्वांच्या स्मरणांत राहिली. या सामन्याचें मर्म इतक्या आरंभींच दिसून आलें होतें असें म्हणावयास हरकत नाहीं.

आतां आजची व्यवस्था पाहूं. सामना बहुधा मंगळवारीं असतो व त्याच्या मागेंपुढें हंगामाला कांहीं दिवसांची विश्रांति दिलेली असते. आदल्या दिवशीं होम रन मारण्याची निराळी चढाओढ होते. ती १९८५ सालीं सुरू झाली. प्रत्येक गटाच्या संघांत ३२ खेळाडू निवडतात: २० फलंदाज-क्षेत्ररक्षक आणि १२ पिचर. मागील वर्षीं ज्या दोन संघांनीं आपापल्या गटाचें विजेतेपद मिळविलें, त्यांचे व्यवस्थापक या दोन पक्षांचें नेतृत्व करतात. आरंभीं मैदानांत उतरणारे फलंदाज लोकांच्या मतानें ठरतात. हें मतदान दोन टप्प्यांत होतें. पहिल्या टप्प्यांत प्रत्येक गटांत सर्वांत अधिक मतें मिळविणारा खेळाडू थेट निवडला जातो. बाकीच्या जागांसाठीं अग्रभागीं असलेले थोडे उमेदवार दुसऱ्या टप्प्यांत जातात, आणि तेथें मोजणी पुन्हा शून्यापासून सुरू होते. पिचर आणि राखीव खेळाडू यांची निवड मात्र लोक करीत नाहींत. ती कांहीं अंशीं खेळाडूंच्या स्वतःच्या मतदानानें व कांहीं अंशीं कमिशनर या सर्वोच्च अधिकाऱ्याच्या कचेरींतून होते. शिवाय एक नियम असा कीं, तीसपैकीं प्रत्येक संघाचा निदान एक तरी खेळाडू या मेळ्यांत असलाच पाहिजे.

हा शेवटचा नियम पुष्कळांना खटकतो. ते म्हणतात, सामना गुणवंतांचा; मग गुणांच्या यादींत तळाशीं असलेल्या संघाचा माणूस कशाला? माझीं पस्तीस वर्षें शाळेंत गेलीं. गॅदरिंगच्या वेळीं प्रत्येक वर्गाला एक तरी कार्यक्रम द्यावा असा आमच्याकडे दंडक असे, आणि त्यावर दर वर्षीं अशीच कुरकुर होत असे. पण ज्या वर्गाला कार्यक्रम मिळाला नाहीं तो वर्ग टाळ्या वाजवावयासहि मनापासून बसत नाहीं, हें मीं पाहिलें आहे. पराभवामागून पराभव पाहणाऱ्या गांवच्या लहान मुलालाहि त्या दिवशीं आपला एक माणूस रांगेंत उभा दिसावा, यांत गुणाचा थोडा तोटा असेल, पण खेळाचा नाहीं.

लोकमताची कथा याहून अधिक बोधप्रद आहे. १९३३ व १९३४ सालीं लोकांनीं मतें दिलीं. १९३५ पासून १९४६ पर्यंत निवड व्यवस्थापकांच्या हातीं गेली. १९४७ सालीं लोकांना मताचा हक्क परत मिळाला, आणि दहा वर्षांनीं त्याची कसोटी लागली. १९५७ सालीं सिनसिनाटी शहरच्या रसिकांनीं आपल्या रेड्स संघासाठीं असा कांहीं उत्साह दाखविला कीं, नॅशनल लीगच्या आठ जागांपैकीं सात जागा त्या एका संघानें पटकावल्या! आठव्या जागीं सेंट लुईसचा स्टॅन म्युझिअल कसाबसा टिकून राहिला. चौकशींत असें आढळलें कीं, आलेल्या मतांपैकीं निम्म्याहून अधिक मतें सिनसिनाटीहून आलीं होतीं. खुणा अगोदरच करून ठेवलेल्या मतपत्रिका तेथील एका वृत्तपत्रानें छापून दिल्या होत्या. वाचकानें त्या फक्त धाडावयाच्या! तेव्हांचे कमिशनर फोर्ड फ्रिक यांनीं निवडलेल्यांपैकीं दोघांना वगळून त्यांच्या जागीं विली मेज व हँक ॲरन यांना घेतलें. हे दोघेहि पुढें बेसबॉलच्या इतिहासांत अढळपदास पोंचले, यावरून वगळलेल्या नांवांत केवढी थोरवी होती हें समजून येईल. पण फ्रिक तेवढ्यावर थांबले नाहींत. त्यांनीं लोकांचा मताधिकारच काढून घेतला. तो १९७० सालीं परत मिळाला. मधलीं बारा वर्षें खेळाडू, व्यवस्थापक आणि प्रशिक्षक यांनीं निवड केली.

एका गांवच्या अतिरेकासाठीं सगळ्या देशाचें मत काढून घेणें ही शिक्षा योग्य होती काय? वर्गांतल्या दोन मुलांनीं खोड्या केल्या म्हणून सगळ्या वर्गाची सुटी बंद करणारे शिक्षक असतात. शिस्त तात्पुरती बसते. पण खोडी न करणाऱ्या अठ्ठावीस मुलांच्या मनांतून शिक्षकाची न्यायबुद्धि कायमची उतरते. बेसबॉलच्या चालकांनाहि हें पुढें उमगलें असावें. २०१५ सालीं मतदान विद्युत्-साधनांनीं होत होतें. तेव्हां कॅन्सस सिटीच्या रॉयल्स संघाचे चाहते असेच पुढें सरसावले आणि एका वेळीं अमेरिकन लीगच्या नऊ जागांपैकीं आठ जागांवर त्या संघाचे खेळाडू आघाडीस होते. पण या खेपेस अधिकाऱ्यांनीं लोकांचा हक्क काढून घेतला नाहीं. त्यांनीं सहा कोटींहून अधिक संशयास्पद मतें तपासून बाद केलीं, आणि मतदान चालूं ठेविलें. अखेरीस रॉयल्सच्या वाट्यास चार जागा आल्या. रोगाला औषध द्यावें, रोग्याचा जीव घेऊं नये, हा तो फरक होय.

परंतु श्रोतेहो, मत कोणी द्यावें याचा हा वाद चालला असतां एका अधिक मोठ्या प्रश्नाकडे पहिलीं सोळा वर्षें डोळेझांक झाली होती. १९३३ च्या त्या मतपत्रिकेवर एकाहि काळ्या खेळाडूचें नांव असणें शक्य नव्हतें. कारण या दोन गटांच्या संघांत काळ्या वर्णाच्या माणसास प्रवेशच नव्हता. असा कोणताहि लेखी कायदा नव्हता; मालकांचा आपसांतला अलिखित करार होता, आणि तो कायद्याहून कठोर होता. काळ्या खेळाडूंचे स्वतंत्र संघ होते, त्यांचे स्वतंत्र गट होते. पिट्सबर्गच्या क्रॉफर्ड्स संघाचे मालक गस ग्रीनली यांच्या पुढाकारानें १० सप्टेंबर १९३३ रोजीं, म्हणजे पहिल्या ताऱ्यांच्या सामन्यानंतर अवघ्या दोन महिन्यांनीं, त्याच कॉमिस्की पार्क मैदानावर काळ्या खेळाडूंचा ‘पूर्व विरुद्ध पश्चिम’ सामना झाला. त्याचेंहि मतदान वृत्तपत्रांतूनच झालें. ‘शिकागो डिफेंडर’ व ‘पिट्सबर्ग कूरियर’ हीं काळ्या समाजाचीं वृत्तपत्रें त्यांत अग्रेसर होतीं. पश्चिमेनें तो सामना ११ विरुद्ध ७ असा जिंकला. हाहि सामना वार्षिक झाला, आणि १९४३ सालीं त्यास पन्नास हजारांवर प्रेक्षक लोटले. म्हणजे एकाच देशांत, एकाच मैदानावर, एकाच उन्हाळ्यांत ‘सर्वोत्तमांचे’ दोन सामने होत, आणि दोन्हीकडील सर्वोत्तम एकमेकांस कधीं भेटत नसत!

ही भिंत पडली १९४७ सालीं. जॅकी रॉबिन्सन हा ब्रुकलिनच्या डॉजर्स संघाकडून १५ एप्रिल रोजीं मैदानांत उतरला. १२ जुलै १९४९ रोजीं ब्रुकलिन येथेंच भरलेल्या ताऱ्यांच्या सामन्यांत रॉबिन्सन, रॉय कॅम्पानेला, डॉन न्यूकम आणि लॅरी डोबी हे चार काळे खेळाडू प्रथमच खेळले. सॅचेल पेज नांवाचा विख्यात पिचर १९३४ सालीं ‘पूर्व विरुद्ध पश्चिम’ सामन्यांत पूर्वेच्या बाजूनें खेळला होता व पूर्वेनें तो सामना एका धावेनें जिंकला होता. त्याला ताऱ्यांच्या सामन्यांत चेंडू फेंकावयास मिळाला तो १९५३ सालीं. तेव्हां त्याचें वय ४७ होतें. जॉश गिब्सन याच्या नशिबीं तेवढेंहि नव्हतें. तो २० जानेवारी १९४७ रोजीं वयाच्या ३५ व्या वर्षीं वारला; रॉबिन्सन मैदानांत उतरण्यापूर्वीं अवघे तीन महिने. २०२४ सालीं काळ्या खेळाडूंच्या जुन्या गटांतील आंकडे अधिकृत नोंदींत सामील करण्यांत आले, तेव्हां फलंदाजीच्या सरासरींत सर्वकाळचा पहिला क्रमांक याच गिब्सनचा निघाला. सत्त्याहत्तर वर्षांनीं बक्षीस जाहीर झालें. घेणारा हात मात्र नव्हता.

आतां शेवटचा प्रश्न. ज्या सामन्यावर कांहींच अवलंबून नाहीं तो खेळाडूंनीं जीव तोडून खेळावा काय? १९३७ सालीं वॉशिंग्टन येथें डिझी डीन या नामवंत पिचरच्या पायावर टोलविलेला चेंडू आदळला व त्याच्या पायाचें बोट मोडलें. तें पुरतें बरें होण्यापूर्वींच तो खेळूं लागला, दुखऱ्या पायामुळें फेंकण्याची ढब बदलली, त्यानें हात दुखावला, आणि ऐन सत्ताविशींत त्याचा बहर संपला. १९७० सालीं सिनसिनाटी येथें बाराव्या पाळींत पीट रोज विजयाची धाव घेण्यासाठीं धांवत आला आणि ठाण्याचें रक्षण करणाऱ्या रे फॉसी याच्यावर आदळला. जय मिळाला; फॉसीच्या खांद्याची दुखापत मात्र त्याला पुढें कायम भोंवली. तेव्हांपासून या प्रश्नावर दोन पक्ष पडले आहेत. एक म्हणतो, हा उत्सव आहे. उत्सवांत हाडें मोडूं नयेत. दुसरा म्हणतो, प्रेक्षक पैसे देऊन आला आहे. त्याला लुटुपुटीचा खेळ दाखविणें ही फसवणूक आहे.

याच वादानें २००२ सालीं मिलवॉकी येथें चमत्कारिक रूप घेतलें. सर्वांना खेळावयास मिळावें म्हणून व्यवस्थापकांनीं पिचर भराभर बदलले. अकराव्या पाळीअखेर धावा ७–७ झाल्या आणि दोन्ही पक्षांकडे फेंकावयास ताजा माणूसच उरला नाहीं. सामना बरोबरींत सोडावा लागला, आणि प्रेक्षकांनीं हुर्यो उडविली. त्यावर तोड म्हणून २००३ पासून असा नियम झाला कीं, जो गट ताऱ्यांचा सामना जिंकील त्याच्या विजेत्या संघास वर्ल्ड सीरीजमध्यें घरच्या मैदानाचा लाभ मिळावा, म्हणजे सातपैकीं चार सामने त्याच्या गांवीं व्हावेत. चौदा वर्षें हा नियम चालला. पण वर्षभर घाम गाळणाऱ्या संघाचा लाभ उत्सवाच्या एका संध्याकाळीं ठरावा हें न्यायाचें नव्हतें. २०१६ नंतर तो नियम रद्द झाला, आणि आतां ज्या संघाची हंगामांतील कामगिरी सरस त्यालाच तो लाभ मिळतो. ज्याचें श्रेय त्याला, हा साधा न्याय सांपडावयास चौदा वर्षें लागलीं!

बरोबरीवर आतां निराळा उपाय आहे. नऊ पाळ्यांअखेर धावा समान झाल्या, तर प्रत्येक पक्षाचे तीन फलंदाज पुढें येतात, प्रत्येकास तीन टोले मिळतात, आणि ज्या पक्षाचे होम रन अधिक तो विजयी. हा नियम २०२२ सालीं झाला व १५ जुलै २०२५ रोजीं अटलांटा येथें प्रथमच अमलांत आला. नॅशनल लीग ६–० अशी पुढें असतां अमेरिकन लीगनें चिकाटीनें ६–६ अशी बरोबरी केली. मग नॅशनल लीगच्या काइल श्वार्बर यानें तीन टोल्यांत तीन होम रन मारले व आपल्या पक्षास ४–३ असा जय मिळवून दिला. मैदानावरच्या खेळाडूंनीं शाळकरी मुलांसारख्या उड्या मारल्या. त्या जयानें त्यांना कसलाहि लाभ व्हावयाचा नव्हता. त्या उड्या निव्वळ खेळाच्या आनंदाच्या होत्या.

तेव्हां या सामन्याचें मोल कशांत आहे? त्याच्या निकालांत नाहीं खास. १९३३ ते २०२५ पर्यंत असे ९५ सामने झाले; महायुद्धाच्या अडचणींमुळें १९४५ सालीं आणि साथीमुळें २०२० सालीं तो होऊं शकला नाहीं. त्या ९५ पैकीं कोणी किती जिंकले हें पाठ असलेले रसिकहि थोडेच असतील. पण हबेलची ती रांग, पेजचें सत्तेचाळिसावें वर्ष, १९४९ सालीं ब्रुकलिनच्या मैदानावर उतरलेले ते चौघे, हें ते विसरत नाहींत. आपल्यांतील सर्वोत्तम कोण, हें समाजानें वर्षांतून एकदां जाहीरपणें बोलून दाखविण्याचा हा प्रसंग आहे, आणि त्या बोलण्यावरूनच समाजाची पारख होते.

आपल्यालाहि नित्य निवड करावी लागते. सभेसाठीं, संस्थेसाठीं, शाळेच्या संघासाठीं. मत लोकांचें असावें कीं जाणत्यांचें, याचा वाद आपण अवश्य घालावा. अमेरिकेच्या अनुभवावरून पाहतां दोघांचें मिळूनच काम बरें होतें. पण मतें मोजावयास बसण्यापूर्वीं एक प्रश्न आधीं विचारावा: ज्या यादींतून आपण निवड करीत आहों, तींत ज्यांचीं नांवें यावयास हवीं होतीं तीं सर्व आलीं आहेत ना?